सुवर्णसौध : बांधलेलं घर आणि त्याचे भाडेकरू

निपाणीहून धारवाडकडे जाताना बेळगाव मागे पडतं आणि हलगा-बस्तवाडच्या माळावर एक पांढरी अवाढव्य इमारत दिसते. मधोमध घुमट, पुढे खांबांची रांग, पायऱ्याच पायऱ्या. ही सुवर्ण विधानसौध. आपल्याकडे तिच्यावर भाषणं भरपूर झाली, मोर्चे त्याहून जास्त. ती कुणी बांधली, कशासाठी बांधली, हेही बहुतेकांना ठाऊक आहे. पण कुठल्याही कचेरीच्या इमारतीचा इतिहास लिहायचा तर एक साधा प्रश्न आधी विचारावा लागतो: आत राहतं कोण?

बेळगावात अधिवेशन आधी आलं, इमारत मागाहून. 2005 च्या ऑक्टोबरात बेळगाव महापालिकेने महाराष्ट्रात जाण्याचा ठराव केला, त्यावरून रामायण झालं आणि महापालिकाच बरखास्त झाली. महाराष्ट्राने 2004 सालीच सर्वोच्च न्यायालयात दावा लावलेला होता. अशा वातावरणात 2006 च्या सप्टेंबरात कर्नाटक विधिमंडळाचं बेंगळुरूबाहेरचं पहिलं अधिवेशन बेळगावात भरलं. त्यासाठी स्वतःचं छप्पर नव्हतं, म्हणून केएलई संस्थेच्या मेडिकल कॉलेजच्या आवारात सोय केली. म्हणजे या कथेतला पहिला भाडेकरू खुद्द विधिमंडळ! त्याच वेळी महाराष्ट्र एकीकरण समितीचा महामेळावाही सुरू झाला. अधिवेशन तिकडे, मेळावा इकडे, हे दोन्ही पुढे जोडीनेच चालत आले. अलीकडे मेळाव्याला परवानगीच मिळत नाही, तो भाग वेगळा.

11 ऑक्टोबर 2012 रोजी राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांच्या हस्ते सुवर्णसौधचं उद्घाटन झालं. मुख्यमंत्री तेव्हा जगदीश शेट्टर. बेंगळुरूची मूळ विधानसौध 1956 ची, आणि बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं तेही 1956 सालीच. त्यामुळे ही धाकटी बहीण नेमकी इथे का उभी राहिली, ते वेगळं सांगायची गरज नाही. तो एक दावाच होता, दगड-सिमेंटात मांडलेला. गंमत अशी की बांधकामाचं कंत्राट पुण्याच्या बी. जी. शिर्के कंपनीकडे होतं. सीमाप्रश्नावर तावातावाने बोलणाऱ्या दोन्ही बाजू ही गोष्ट सहसा सांगत नाहीत.

आतला पसारा मोठा आहे. विधानसभेचं सभागृह 300 आसनांचं, आमदार 224. परिषदेचं 100 आसनांचं, सदस्य 75. शिवाय मध्यवर्ती सभागृह, मंत्र्यांची दालनं, बैठकीच्या खोल्या. पुढची गरज धरून बांधलेलं घर म्हणा हवं तर. पण ही सगळी गरज वर्षातून जेमतेम दहा दिवसांची. डिसेंबरात गाड्याच गाड्या, पोलीस बंदोबस्त, शहरातली हॉटेलं फुल्ल. मग सामसूम. 2018 च्या डिसेंबरनंतर तर पुढचं अधिवेशन थेट 2021 च्या डिसेंबरात भरलं. मधली तीन वर्षं एवढी सभागृहं नुसती झाडून-पुसून ठेवली.

इथे नागपूरची आठवण होणं साहजिक आहे. 1953 च्या नागपूर करारानुसार तिथेही हिवाळी अधिवेशन भरतं, 1960 पासून. फरक असा, की नागपूर ही मध्य प्रांताची जुनी राजधानी. विधानभवनाची वास्तू इंग्रजांच्या काळातली, आधीपासून उभी. राजधानी गेली, घर राहिलं, त्या घरात अधिवेशन आणून बसवलं. आपल्याकडे नेमकं उलटं झालं: राजधानी कधीच नव्हती, घर मात्र राजधानीचं बांधलं. तरी नागपूरलाही विधिमंडळ सचिवालयाचा बारमाही कक्ष सुरू व्हायला 2021 चा जानेवारी उजाडला. म्हणजे तिथेही साठ वर्षं लागलीच.

मग बाकीच्या दिवसांत सुवर्णसौधमध्ये कोण असतं? पहारेकरी, माळी, झाडलोट करणाऱ्या बायका. 2022 च्या उन्हाळ्याच्या अखेरीस या इमारतीचा एक फोटो सगळीकडे फिरला. सौधच्या दर्शनी भागात कुणीतरी शेवया आणि पापड वाळत घातले होते. ऊन चांगलं, फरशी स्वच्छ, माणूस नाही काणूस नाही. आपल्याकडची कुठलीही बाई हेच करेल! पण त्यावरून गहजब झाला आणि तिथे कंत्राटावर काम करणाऱ्या एका बाईला कामावरून काढलं. लोकांनी आवाज उठवल्यावर तिला परत घेतलं. ह्या इमारतीवर निघालेल्या सगळ्या अग्रलेखांपेक्षा मला तो फोटो जास्त बोलका वाटतो. त्या घरात खरोखर वावरणारं माणूस बाहेरच्यांना पहिल्यांदाच दिसलं, आणि दिसल्याबरोबर हाकललं गेलं.

कचेऱ्या आणायची मागणी जुनी आहे. उत्तर कर्नाटकातले कन्नड कार्यकर्ते ती आपल्यापेक्षा मोठ्याने करतात, हे मुद्दाम सांगायला हवं. 2018 साली वेगळ्या राज्याची भाषा निघाली तेव्हा बेंगळुरूची काही कार्यालयं उत्तरेकडे हलवण्याच्या घोषणा झाल्या. 2021 पासून काही जिल्हा पातळीवरची सरकारी कार्यालयं सौधमध्ये हलवली गेली. पण जिल्ह्याचं कार्यालय काय, ते बेळगावात होतंच, फक्त गावातून माळावर गेलं. राज्य पातळीचं साखर खातं बेळगावला आणायचं ठरलं, तेव्हा त्याची जागा ठरली निजलिंगप्पा साखर संस्थेत. ऊस पिकवणाऱ्या जिल्ह्याला आपल्या कामाचं खातं मिळालं, सौधला भाडेकरू मात्र मिळाला नाही.

निपाणीच्या माणसाच्या बाजूने हे बघायला गेलं तर हिशेब सोपा आहे. कोल्हापूर त्याला चाळीसेक किलोमीटर, बेळगाव पाऊणशेच्या आसपास. बेळगावच्या स्टँडवर उतरून चालत किंवा रिक्षाने जी कचेरी गाठता येत होती, ती सौधमध्ये गेली की आणखी दहा-बारा किलोमीटर आणि दुसरी बस. एका सहीसाठी दिवस जातो. कागद कानडीतच हवा, हा त्याचा जुना जाच तर आहेच.

21 जानेवारी 2025 ला सौधच्या आवारात गांधीजींचा मोठा पुतळा बसवला. निमित्त 1924 च्या बेळगाव काँग्रेसच्या शताब्दीचं. गांधीजींच्या अध्यक्षतेखालचं ते एकमेव अधिवेशन टिळकवाडीच्या बाजूला तंबू-मांडवांच्या तात्पुरत्या नगरात भरलं होतं. नगराचं नाव विजयनगर. अधिवेशन संपलं, मांडव उतरले. पाण्यासाठी खोदलेली विहीर तेवढी राहिली. ती काँग्रेस विहीर आजही तिथेच आहे.