एका बेटावर उरलेला दयाळ

आजच्या भागाची सुरुवात आपल्याच दारातून करूया. एप्रिलची पहाट, अजून नीट उजाडलेलंही नसतं, आणि विजेच्या तारेवर बसून एक काळा-पांढरा पक्षी शीळ घालत असतो. एकच धून नाही, दरवेळी नवी. तो दयाळ. आपण त्याच्याकडे मान वर करून बघतोच असं नाही, कारण तो रोज असतोच.

आजची गोष्ट त्याच्या एका चुलत भावाची आहे. हा भाऊ राहतो मुंबईपासून साधारण सव्वातीन हजार किलोमीटरवर, हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर. (तिथेही रुपयाच चालतो, बरं का. त्यांचा स्वतःचा.) आपल्या दयाळापेक्षा अंगाने जरा मोठा, निळसर झाक असलेला काळाभोर, पंखावर पांढरा पट्टा. आपल्याकडे मादी राखाडी असते, तिथे नर-मादी दोघंही काळे. स्थानिक क्रिओल भाषेत त्याला म्हणतात ‘पी सांतेझ’. सांतेझ म्हणजे गाणारी.

हा जंगलातला पक्षी, पण जेवतो जमिनीवर. पालापाचोळा उलटायचा, खालचे किडे, झुरळं, गोमा, पाली उचलायच्या. आणि त्याची एक मजेशीर सवय आहे. पूर्वी या बेटांवर महाकाय कासवं फिरायची. कासव चाललं की पाचोळा हलतो, किडे पळतात, आणि हा मागे मागे. फुकटचं जेवण! या बेटांवर वटवाघळं सोडली तर सस्तन प्राणीच नव्हते. मांजर नाही, उंदीर नाही. त्यामुळे जमिनीवर बसून खायला घाबरायचं कशाला, हे या पक्ष्याला कधी शिकावंच लागलं नाही.

1770 मध्ये माणसं इथे कायमची राहायला आली. फ्रेंच वसाहतवाले आणि त्यांनी आणलेले गुलाम. मग लाकडासाठी जंगल पडलं, पुढे नारळाच्या बागा आल्या. कासवं मांसासाठी गलबतांत भरून नेली. आणि गलबतांबरोबर उंदीर आले, मांजरं आली. जो पक्षी माणसाच्याही पायाशी येऊन दाणापाणी शोधतो, त्याला मांजर म्हणजे काय हे कळेपर्यंत खेळ संपलेला असायचा.

1865 मध्ये मॉरिशसच्या ब्रिटिश प्रशासनात नोकरी करणारा एडवर्ड न्यूटन सेशेल्सला आला. त्याने इथले पक्षी टिपले, आणि त्याच वर्षी त्याचा भाऊ आल्फ्रेड न्यूटन याने या पक्ष्याला शास्त्रीय नाव दिलं. हा आल्फ्रेड पुढच्याच वर्षी केंब्रिजमध्ये प्राणिशास्त्राचा प्राध्यापक झाला. त्याआधी तो ग्रेट ऑक या उत्तरेतल्या समुद्रपक्ष्याचा माग काढत आइसलँडपर्यंत जाऊन आला होता. तो पक्षी तोवर जगातून संपलेला होता. पक्षी नाहीसे कसे होतात हे इतक्या जवळून पाहिलेल्या माणसाने नाव दिलेला हा दयाळ, तोही त्याच वाटेवर होता.

एकेका बेटावरून तो गेला. 1960 च्या दशकात फक्त फ्रिगेट नावाच्या बेटावर तो उरला. बेट जेमतेम सव्वादोन चौरस किलोमीटर. आणि पक्षी किती? 12 ते 15. तुमच्या कुठल्याही व्हॉट्सॲप ग्रुपमध्ये याहून जास्त लोक असतील.

फ्रिगेटवर उंदीर पोचले नव्हते, हे त्याचं नशीब. मांजरं मात्र होती. ती 1980 च्या दशकाच्या सुरुवातीला हटवली. तरी संख्या काही वाढेना. एक कारण पक्ष्यातच आहे: आपला दयाळ एका विणीत चार-पाच अंडी घालतो, हा एकच. शिवाय साळुंकी! हो, आपलीच साळुंकी, माणसांनी तिकडे नेलेली. झाडाच्या ढोलीवरून ती भांडते, घरटं बिघडवते. 1970 च्या दशकाच्या शेवटी अराईड बेटावर काही पक्षी नेऊन सोडले, तो प्रयत्न फसला.

1990 मध्ये पक्षी संरक्षण करणाऱ्या संस्थांनी नीट योजना आखली, तेव्हा पंचवीसही पक्षी नव्हते. काम अगदी घरगुती वाटावं असं होतं. घरट्यासाठी खोकी लावायची, वरचं खाणं द्यायचं, साळुंकीला हाकलायचं, मूळची झाडं लावायची, एकेका पक्ष्याच्या पायात रंगीत कडी घालून हजेरी घ्यायची. हे वर्षानुवर्षं, रोज. मला विचाराल तर या गोष्टीतले खरे हिरो ही हजेरी घेणारी माणसं आहेत.

पक्षी वाढले, तसे 1994 पासून काही जण कझन आणि कझीन या दोन छोट्या बेटांवर नेले. (नावं इतकी सारखी की माझाही गोंधळ होतो.) आणि अगदी वेळेवर नेले म्हणायचे. कारण 1995 मध्ये फ्रिगेटवर तपकिरी उंदीर दिसले. इतकी वर्षं जी एकच जागा सुरक्षित होती, तिथेच!

उंदीर घालवायचा तर विष टाकायला हवं. पण विष खाल्लेले किडे दयाळच खाणार. सुरुवातीचे प्रयत्न अपुरे पडले. शेवटी 2000 मध्ये, न्यूझीलंडचे डॉन मर्टन यांच्या मार्गदर्शनाखाली, फ्रिगेटवरचे दयाळ पकडून मोठ्या पिंजऱ्यांत ठेवले. बरोबर एक बोजड भुंगाही ठेवला, कारण तो जगात फक्त या बेटावर आढळतो. मग हेलिकॉप्टरमधून सगळ्या बेटावर विष पसरलं. चूक झाली असती तर दुसरी संधी मिळाली नसती. उंदीर संपले, आणि पिंजऱ्यांची दारं उघडली.

2002 मध्ये अराईडवर पुन्हा पक्षी सोडले. या वेळी ते टिकले. 2005 मध्ये हा पक्षी ‘अतिसंकटग्रस्त’ यादीतून एक पायरी खाली, ‘संकटग्रस्त’ यादीत आला. तेव्हा सगळे मिळून दोनशेही नव्हते, तरी ही बढतीच. 2008 मध्ये डेनिस बेटावर पाचवं घर मिळालं.

फ्रिगेटवर आज कासवं पुन्हा फिरतात. कासव जवळ नसेल, तर दयाळ पायवाटेवरच्या माणसाच्या मागे लागतो. चपलेने पाचोळा हलवा, तो वाट बघत असतो.

चला, भेटूया पुढच्या भागात.