कामकाजाचे दिवस (गणना)

दोन तारखांमधील एकूण दिवसांतून साप्ताहिक व सार्वजनिक सुट्या वजा जाता उरणारे दिवस. मालपुरवठा, निविदा, देयके यांच्या मुदती त्यांवर बेततात.

आकडा कार्यालयागणिक बदलतो. १ सप्टेंबर २०१५ पासून भारतातील बँका दुसऱ्या व चौथ्या शनिवारी बंद असतात. महाराष्ट्र शासनाच्या कार्यालयांना २९ फेब्रुवारी २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा आहे. परिणामी २८ एप्रिल ते ५ मे २०२५ या ८ दिवसांत, महाराष्ट्र दिन वगळता, मुंबईतल्या बँकेला कामाचे ६ दिवस मिळाले, मंत्रालयाला ५.

पहिला दिवस धरायचा का? एक्सेलचे ‘नेटवर्कडेज’ सूत्र दोन्ही टोके मोजते. १८९७ च्या जनरल क्लॉजेस ॲक्टनुसार मात्र कायद्यात ‘पासून’ म्हटले की पहिला दिवस सुटतो.