ताईआजीचं खाचर

ताईआजीचं खाचर किती गुंठ्यांचं होतं, यावर आमच्या घरात अजून एकमत नाही. आजोबा वीस म्हणायचे, आत्या बावीस. म्हणजे जेमतेम अर्धा एकर, रत्नागिरीकडच्या आमच्या गावात व्हाळाच्या कडेला. त्यावरून लागलेला दावा मात्र माझ्या सगळ्या बालपणाला पुरून उरला.

ताईआजी आजोबांच्या धाकट्या भावाची बायको. विशीतच विधवा झाली, पदरात मूल नाही. एकत्र कुटुंबातल्या विधवेचा हक्क तेव्हा अन्नवस्त्रापुरता, आणि तेही घरातल्यांची मर्जी सांभाळून. गांधीहत्येच्या आगेमागे (आजी सालं अशीच सांगायची) चार मंडळी बसली, तडजोड झाली आणि पोटगीदाखल ते खाचर तिला मिळालं. कागदावर अट होती: हयात असेपर्यंत खावं, विकू नये, कोणाला देऊ नये.

ती नुसती खात बसली नाही. लावणीला स्वतः चिखलात उतरायची. भात कापून झालं की उरलेल्या ओलीवर कुळीथ पेरायची. तिच्या हातची कुळथाची पिठी, लसणीची फोडणी आणि दोन आमसुलं घातलेली, ऊन ऊन भातावर... आता लिहितानाही जीव तिकडे धावतो. थोरल्या आजोबांना, म्हणजे आजोबांच्या मोठ्या भावाला, तर ती पिठी फार प्रिय. दरवर्षी पायलीभर कुळीथ त्यांच्या घरी जायचा.

आणि दावा लावला तो याच थोरल्या आजोबांनी.

झालं असं, की ताईआजीने ते खाचर माझ्या आत्याला बक्षीसपत्राने दिलं. आत्याला तिनेच लहानाची मोठी केली होती. थोरल्या आजोबांचं म्हणणं, तिचा हक्क हयातीपुरता; तिच्यामागे जमीन आम्हा भावांकडेच यायला हवी. आमचे आजोबा पुरते कात्रीत सापडले, एकीकडे भाऊ, दुसरीकडे लेक. ते कोर्टात कोणाच्या बाजूने बोलले, हे मला कोणी धड सांगितलं नाही.

मधल्या काळात कायदा बदलला होता. 1956 च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम 14 ने स्त्रीच्या ताब्यातल्या मिळकतीची ती पूर्ण मालक झाली. पोटगीत मिळालेल्या जमिनीचीसुद्धा. पण त्याच कलमात एक पोटकलम होतं. दस्तातच हक्क मर्यादित केला असेल, तर तो मर्यादितच राहतो. थोरल्या आजोबांचे वकील तडजोडीच्या कागदातल्या त्या अटीवर बोट ठेवून उभे. आमच्याकडून सातबारा दाखल झाला. साताचा नमुना हक्काचा, बाराचा पिकांचा. वर्षानुवर्षं खाचरात भात आणि कुळीथ, कसणारी ताईआजी.

उलटतपासणीची हकीकत आत्या सांगायची, काका म्हणायचे की ती तिखटमीठ लावते. वकिलांनी थोरल्या आजोबांना विचारलं, "तुमच्या घरी कुळीथ कुठून येतो?" ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "भावजयीच्या खाचरातला." खोटं बोलणं त्यांना जमलं नाही. म्हणून मला त्यांचा राग कधी पुरता धरता आला नाही.

खालच्या कोर्टात आम्ही हरलो. अपील पडून होतं, तेवढ्यात 1977 साली सर्वोच्च न्यायालयाचा तुळसम्मा खटल्यातला निकाल आला. आंध्रातली ती विधवा; तिलाही 1949 च्या तडजोडीत पोटगीसाठी, हयातीपुरती म्हणूनच मिळकत मिळाली होती. न्यायालय म्हणालं, पोटगीचा हक्क तिला आधीपासूनच होता, कागदाने तो नव्याने दिला नाही. म्हणून कागदातली अट गळून पडते आणि ती पूर्ण मालक. त्याच आधारावर आमचं अपील मान्य झालं. ताईआजी तोवर गेली होती. हे तिच्या कानावर पडायला हवं होतं, असं आजही फार वाटतं. जन्मभर जी जमीन कसली, ती आपली नाही असंच ऐकत ती गेली.

थोरले आजोबा पुढे वरच्या कोर्टात गेले नाहीत. आत्याने कुळीथ पाठवायचं थांबवलं नाही. म्हातारपणी तिने मृत्युपत्र केलं, त्यात खाचर मुलगा आणि दोन्ही मुलींना सारखं वाटून दिलं आणि खाली स्वतःच्या अक्षरात एक ओळ जास्तीची लिहिली: मुलींकडे हक्कसोडपत्र कोणी मागू नये.