‘कुंकू’नंतर: मराठी चित्रपटातील ध्वनीचा संयम

प्रभात फिल्म कंपनी १९३३ मध्ये कोल्हापूरहून पुण्यात आली आणि व्ही. शांताराम यांच्या ‘कुंकू’ (१९३७) या चित्रपटात तिने पार्श्वसंगीत, म्हणजे प्रसंगाचा भाव गडद करण्यासाठी संवादांमागे वाजणारे वाद्यसंगीत, टाळून केवळ स्वाभाविक आवाजांवर भिस्त ठेवली. केशवराव भोळे यांच्यासारखा जाणता संगीतकार हाताशी असताना घेतलेला हा निर्णय असल्याने तो विशेष मोलाचा ठरतो. जरठ-कुमारी विवाहात अडकलेल्या नीरेची घुसमट आणि तिच्या वृद्ध पतीचे सरत चाललेले आयुष्य सांगायला तिथे भिंतीवरचे लंबकाचे घड्याळ पुरते. संगीत कुठे नसावे हे ठरवणे हाही संगीतरचनेचाच भाग होय.

प्रभातच्याच आवारात १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट स्थापन झाली. तिथे सतारवादक भास्कर चंदावरकर यांनी दीर्घकाळ संगीत शिकवले आणि संस्थेतून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ ही सहकारी संस्था काढून १९७६ मध्ये ‘घाशीराम कोतवाल’ पडद्यावर आणले, तेव्हा मूळ नाटकाप्रमाणे त्याचेही संगीत चंदावरकरांचेच होते. कीर्तन आणि लावणी यांचे ढंग तिथे सजावटीसाठी येत नाहीत, तर पेशवाईतील ढोंग उघडे पाडतात.

पुढील स्वतंत्र चित्रपटांनी, म्हणजे मोठ्या निर्मितीसंस्थेच्या आधाराविना उभ्या राहिलेल्या चित्रपटांनी, चित्रीकरण चालू असतानाच संवाद टिपण्याची ‘सिंक साउंड’ पद्धत जवळ केली. ती वाटते तितकी सोपी नाही. ताथवड्यासारख्या महामार्गालगतच्या गावात वाहनांची घरघर प्रत्येक वाक्याखाली येते आणि दोन तुकडे जोडताना ती मध्येच तुटली तर कानाला लगेच खटकते. म्हणून सर्वांना गप्प उभे करून त्या जागेची नुसती शांतता, ‘रूम टोन’, वेगळी मुद्रित करून ठेवावी लागते.

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) संभाजी भगत यांची गाणी लोकशाहीर नारायण कांबळेच्या कार्यक्रमांतूनच ऐकू येतात, आणि त्यांच्यामागोमाग येणारा न्यायालयातील कोरडा, एकसुरी आवाज अधिकच बोचतो. ताम्हाणे यांच्याच ‘द डिसायपल’मध्ये (२०२०) आदित्य मोडक आणि अरुण द्रविड हे प्रत्यक्षातील गायकच शिष्य व गुरू झाले आहेत, ज्यांचे दर्शन कधीच घडत नाही त्या गुरूंच्या गुरू माई मात्र केवळ ध्वनिफितीवरील व्याख्यानांतून भेटतात, आणि तो आवाज आहे ‘कासव’ला (२०१६) सुवर्णकमळ मिळवून देणाऱ्या दिग्दर्शकद्वयीपैकी पुण्याच्या सुमित्रा भावे यांचा.