अनोळखी नोंदीचा इतिहास

कार्डाच्या बिलात अनोळखी नोंद दिसण्याची अडचण अमेरिकेत हिशेबाची पद्धत बदलल्यावर वाढली. 1950 साली डायनर्स क्लब हे कार्ड सुरू झाले. त्या काळच्या पद्धतीत मासिक बिलासोबत ग्राहकाने सही केलेल्या पावत्यांच्या प्रतीही घरी येत. पावतीवर दुकानाचे नाव आणि स्वतःची सही दिसे. खर्च लगेच आठवे. कार्डे वाढली तशी ही कागदपत्रे बँकांना परवडेनात. 1970 च्या दशकात संगणकाने छापलेली एकेक ओळ आली: तारीख, नाव, रक्कम. दुकानाच्या पाटीवर एक नाव आणि बिलात मालक कंपनीचे दुसरेच, असा घोळ होऊ लागला.

1974 च्या अमेरिकी कायद्याने ग्राहकाला बिल निघाल्यापासून 60 दिवसांत लेखी हरकत घेण्याचा हक्क दिला. चौकशी चालू असताना वादातली रक्कम भरण्याची सक्ती राहिली नाही.

भारतात रिझर्व्ह बँकेच्या 6 जुलै 2017 च्या परिपत्रकानुसार, ग्राहकाची चूक नसताना त्रयस्थाने केलेला अनधिकृत इलेक्ट्रॉनिक व्यवहार बँकेची सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवल्यास ग्राहकावर भुर्दंड पडत नाही. तक्रार 90 दिवसांत निकाली काढणे बँकेला बंधनकारक ठरले.