यवतमाळच्या नद्यांतले डोह

यवतमाळ जिल्ह्याच्या उत्तर-पूर्व सीमेवरून वर्धा वाहते, दक्षिण सीमेवरून पैनगंगा. बेंबळा वर्धेला मिळते; पूस, अरुणावती, अडाण यांचे पाणी पैनगंगेकडे जाते. जिल्ह्याचा बराचसा भाग काळ्या पाषाणाचा. त्यात पाणी फारसे मुरत नाही. त्यामुळे पावसाळ्यात थडी भरून वाहणारी नदी उन्हाळ्यात तुटते आणि पाणी उरते ते डोहांत.

नदीचा जीव वर्षाचे कठीण महिने या डोहांतच काढत आला. वाम कपारीत शिरते, शिंपल्या गाळात रुततात. मरळ पाण्याबाहेर तोंड काढून हवा घेते, म्हणून गढूळ, उथळ पाण्यातही तगते. मृगाचा पहिला लोंढा आला की डोहातले मासे प्रवाहाविरुद्ध चढू लागतात आणि ओढ्या-नाल्यांत अंडी घालतात. उन्हाळ्यात एखादा डोह उपसून काढला, तर पुढच्या पावसात चढायला मासेच उरत नाहीत. बेण्याचे धान्य खाऊन टाकण्यासारखेच ते.

भोई आणि ढिवर यांचा संसार याच पाण्यावर चाले: पुरात नावाडीपण, एरवी जाळे, आणि नदी आटली की वाळूत टरबूज-डांगराच्या वाड्या. मासे गुंगवण्यासाठी गेळफळासारखी वनस्पतिविषे वापरण्याची रीत देशात अनेक ठिकाणी होती. ब्रिटिश हिंदुस्थानात १८९७ च्या मत्स्य कायद्याने विष आणि सुरुंग या दोन्हींवर बंदी आणली. सुरुंगाने पिलेसुद्धा मरतात.

यवतमाळच्या नद्यांचे पाणी वर्धा, प्राणहिता आणि गोदावरीतून बंगालच्या उपसागराला मिळते. गोदावरीतल्या मोठ्या नदीझिंग्याची पिले मुखाजवळच्या मचूळ पाण्यात वाढतात आणि मग नदीने वर चढतात. ऑर्थर कॉटन यांच्या देखरेखीखाली १८५२ पर्यंत धवळेश्वरमला बंधारा उभा राहिला आणि ही वाट खालीच अडली.

जिल्ह्यातला मोठा बदल धरणांनी घडवला. पुसदजवळ पूस धरण १९७१ मध्ये, पैनगंगेवर इसापूर १९८२ मध्ये, दिग्रसकडे अरुणावती १९९४ मध्ये झाले. बारमाही खोल पाणी मिळाले, पण चढणीच्या वाटेवर भिंत आली. जलाशयांत मासा आता सोडावा लागतो. १९५७ मध्ये हिरालाल चौधरी यांनी पियूषिका ग्रंथीचा अर्क टोचून कार्प माशांचे प्रजनन साधले होते. त्यानंतर कटला, रोहू, मृगळ यांचे बीज हुकमी मिळू लागले. मच्छीमार सहकारी संस्था तलाव ठेक्याने घेऊन बोटुकली सोडतात. भोयांचा धंदा अशा रीतीने डोहातून जलाशयात गेला. हाती येणारा मासा वाढला असेल, पण तो नदीने वाढवलेला मासा नव्हे.

धरणाखालच्या पात्रात डोह अजून आहेत; मात्र वाळूचा उपसा झाला की भोवतीचा ओलावा जातो आणि ते लवकर आटतात. उमरखेड तालुक्याच्या सीमेवर, सहस्रकुंडाला, पैनगंगा काळ्या खडकावरून कोसळते. तिथल्या कातळात पाण्याने खोदलेली कुंडे मात्र कुणाला उपसता येत नाहीत.