वीजबिलाच्या ओळी : एक भाष्य

मूळ पाठ जळगावातल्या घरगुती बिलाचा. कोपऱ्यात मीटरचा धूसर फोटो, खाली आकारांची उतरंड.

‘महावितरण’
जुनी माणसे अजून ‘बोर्डाचं बिल’ म्हणतात. विद्युत अधिनियम २००३ मध्ये आला आणि ६ जून २००५ रोजी राज्य वीज मंडळाच्या वाटण्या झाल्या. दीपनगरचे औष्णिक केंद्र वीज बनवणाऱ्या महानिर्मितीकडे गेले, गल्लीतली डीपी महावितरणकडे. २०११ ते २०१५ या काळात जळगावचे वितरण क्रॉम्प्टन ग्रीव्ह्जकडे फ्रँचायझी म्हणून होते. घाऊक वीज घ्यायची, गळती आणि चोरीचे आकडे कमी करायचे, त्यातून कमवायचे, असा तो व्यवहार. वसुलीचे हात बदलले. ग्राहकासमोरचे दार मात्र एकच राहिले.

‘स्थिर आकार’
घराला कुलूप असले तरी लागतो.

‘वीज आकार’
वापर वाढेल तसा टप्प्याटप्प्याने चढतो. दर राज्य वीज नियामक आयोग ठरवतो.

‘वहन आकार’
इथे थांबले पाहिजे. हे तारेचे भाडे. वीज वेगळी, ती आणणारी तार वेगळी. युरोपने १९९६ च्या निर्देशात हीच फोड धरली: एका गल्लीत खांबांच्या दोन रांगा कुणी उभारणार नाही, तेव्हा तारवाल्याने सर्व विक्रेत्यांना सारख्या भाड्याने वाट द्यावी. १ जुलै २००७ पासून तिथल्या घरगुती ग्राहकालाही विक्रेता निवडण्याचा हक्क मिळाला. तार तीच राहते, बिल पाठवणारा बदलतो.

आपल्या विद्युत अधिनियमाच्या कलम ४२ मध्येही ‘खुला प्रवेश’ आहे, पण तो १ मेगावॉटहून मोठ्या ग्राहकासाठी. हरित विजेपुरती ही मर्यादा २०२२ च्या केंद्रीय नियमांनी १०० किलोवॉटवर आणली. म्हणजे एमआयडीसीतला मोठा कारखाना साक्रीकडच्या पवनचक्कीशी करार करू शकतो. दोन किलोवॉटचे घर भाडे वेगळे मोजते, पण त्या वाटेने दुसऱ्याची वीज आणू शकत नाही. मला हे खटकते. तरी सरसकट दार उघडा असेही म्हणवत नाही: मोठे ग्राहक निघून गेले, तर केळीच्या मळ्यातल्या कृषिपंपाच्या स्वस्त दराचा भार कोण उचलणार? बाहेर पडणाऱ्यावर क्रॉस सबसिडी अधिभार लागतो तो यासाठीच.

‘इंधन समायोजन आकार’
कोळसा महागला की ही ओळ फुगते. युरोपातही तेच: २०२२ मध्ये रशियाचा वायू आटला, तेव्हा विक्रेता निवडण्याची मुभा असूनही बिले भडकली आणि सरकारांना मदतीला धावावे लागले.

‘वीज शुल्क’
राज्याचे, घरगुती वापराला १६ टक्के. ते वरच्या आकारांच्या बेरजेवर लागते, म्हणजे तारेच्या भाड्यावरही.